छापलेलं खरं करणाऱ्या धाकटीसाठी

मी, खाली सही करणारी, या छापखान्याची मालकीण, वडिलांची थोरली मुलगी, लग्न न झालेली, धंदा छपाई, आज ही व्यवस्था आपल्या हाताने, चष्मा लावून, कुणाच्या दमदाटीला किंवा गोड बोलण्याला न भुलता लिहून ठेवत आहे. माझं डोकं ठिकाणावर आहे. ते नसतं तर एवढ्या वर्षांत कुठल्या ना कुठल्या लेखकाच्या अंगावर मी शाईचा डबा ओतला असता. प्रकृतीबद्दल कोपऱ्यावरच्या डॉक्टरीणबाईंचा दाखला सोबत जोडला आहे. त्यांनी नाडी पाहिली, रक्तदाब पाहिला, छातीला नळी लावली आणि म्हणाल्या, "तुम्हाला काहीएक झालेलं नाही, ताई. अजून पुष्कळ वर्षं लोकांना धारेवर धराल." पुष्कळ वर्षं मिळतील असं मला वाटत नाही. त्याचं कारण शेवटच्या कलमात आहे.

घरदार वाटून द्यायचं म्हणून हे मृत्युपत्र आहेच. पण खरं ते एकाच कामासाठी केलं आहे. माझ्या धाकट्या बहिणीने जगावं. वकीलसाहेब म्हणाले, "ताई, मृत्युपत्रात असं लिहीत नाहीत." मी विचारलं, "मग काय लिहितात?" म्हणाले, "मिळकतीचं वर्णन." तर घ्या वर्णन.

कलम पहिले. इमारत माझी आहे, वडिलांकडून आलेली, बोजा काही नाही. खाली रस्त्याच्या बाजूला काउंटर, त्यामागे मशीनची खोली, त्यामागे मी राहते ती खोली. लाकडी जिन्याने वर गेलं की कागदाचं गोदाम आणि त्याला लागून आणखी एक खोली, तिला मावळतीकडे खिडकी आहे. हे सगळं मी धाकटीला देते. अट एवढीच की तिने स्वतः इथे राहायचं. विकायचं नाही, भाड्याने द्यायचं नाही, आणि नवरा कितीही लाडात आला तरी त्याच्या नावावर करायचं नाही. त्याने रविवारी यावं, दार वाजवावं, उघडेपर्यंत बाहेर थांबावं. दाराची कडी तेवढी दुरुस्त करून घ्यावी, ती अर्धवट लागते. बँकेत जे आहे तेही धाकटीचंच. ते फार नाही, पण कुणापुढे हात पसरावा लागणार नाही. तिच्यानंतर इमारत आमच्या जुन्या कामगाराच्या, खिळेमामांच्या वारसांना जावी.

कलम दुसरे. जुनं पायाने चालवायचं मशीन, शिशाचे सगळे खिळे, म्हणजे छपाईची सुटी अक्षरं, त्यांच्या लाकडी पेट्या आणि नवा कॉम्प्युटर हे मी आमच्या खिळेमामांना देते. मामा वडिलांच्या वेळेपासून आमच्याकडे अक्षरं जुळवतात. आता कॉम्प्युटरवर दोन बोटांनी ठोकतात, पण खिळ्यांना अजून रोज फडकं मारतात. त्यांची एक खोड आहे आणि ती इथे सांगणं भाग आहे. ते जुळवतात ते वाचत नाहीत. "मी अक्षरं बघतो, ताई. मजकुराशी आपल्याला काय करायचंय?" असं ते म्हणतात. माणूस सोन्यासारखा, पण त्याच्या हातून आपल्याच मरणाची बातमी छापून गेली तरी त्याला पत्ता लागायचा नाही. मामांना हे मिळणार असल्यामुळे मी त्यांना साक्षीदार केलेलं नाही. त्यांनी ते मनाला लावून घेऊ नये.

कलम तिसरे. माझ्या पलंगाखाली एक खोका आहे. त्यात माझ्या लग्नाच्या पत्रिका आहेत, जाड कागदावर, जांभळ्या शाईत. तो खोका बाजारपेठेतल्या घड्याळवाल्यांना द्यावा. पाठीमागून कोऱ्या आहेत, हिशेबाला उपयोगी पडतील.

हे घड्याळवाले माझे होणारे यजमान होते. तारीख ठरली, पत्रिका बाबांनी स्वतः जुळवल्या, स्वतः छापल्या, आणि त्यात एक दिवस पुढचा पडला. चूक कुणाच्याही हातून होते. पण आमचे बाबा म्हणजे बाबा. त्यांचं सगळ्या जगाला एकच सांगणं, छापलेलं खोटं पडता कामा नये. या पेठेत लोक आमच्या छापखान्याच्या शब्दावर दुकानं उघडतात नि बंद करतात, असं ते छाती फुगवून सांगायचे. पत्रिका परत छापायच्या सोडून त्यांनी लग्नच एक दिवस पुढे ढकललं. निरोप पाठवला म्हणे. निरोप पोचला नाही, की पोचून तिकडच्यांच्या डोक्यात तिडीक गेली, हे मला आजतागायत कळलेलं नाही. घड्याळवाले ठरलेल्या दिवशी आले, आम्ही छापलेल्या दिवशी तयार होतो. ते बंद दार बघून परत गेले आणि दुसऱ्या दिवशी मी नटून बसले ती बसलेच. बाबा संध्याकाळी पाहुण्यांना सांगत होते, "पत्रिकेप्रमाणे सगळं वेळेवर होतं. मुलाकडचे चुकले."

माझा राग बाबांवर आहे आणि तो मी बरोबर घेऊन जाणार आहे, कुणाला वाटून देत नाही. पण त्या दिवशी धाकटी माझ्या मांडीला टेकून बसली होती. आई गेल्यापासून ती माझ्याच अंगाखांद्यावर वाढली. कागदाच्या थप्पीवर झोपायची, शाईच्या वासाशिवाय तिला झोप यायची नाही. तिने ते सगळं पाहिलं. मी त्यातून शिकले की बापाचं सगळंच ऐकायचं नसतं. ती जे शिकली ते पुढे येईल.

कलम चौथे. आता पुस्तकं. धाकटीचे यजमान, म्हणजे आमचे मेहुणे, लेखक आहेत. रोजच्या साध्या जगण्यात गंमत कशी शोधावी, प्रेम कसं ओळखावं, भांडी विसळता विसळता आयुष्याचा अर्थ कसा सापडतो, अशी त्यांची पुस्तकं आहेत आणि ती सगळी आम्हीच छापली, आम्हीच प्रकाशित केली. 'दोन कपांचा संसार' घराघरात आहे. लोक ती लग्नात भेट देतात, दवाखान्यात पेशंटच्या उशाला ठेवतात. माणूस वाईट नाही. बोलतो गोड, हसतो गोड, सभेत रडतोही गोड. स्वतःचा सदरा कुठे असतो हे त्याला माहीत नाही, पण सदरा वाळत घालण्यातल्या आनंदावर त्याने अख्खं प्रकरण लिहिलं आहे. वाचून माझ्याही डोळ्यांत पाणी आलं होतं, खोटं कशाला बोलू? सदरा मात्र धाकटी वाळत घालते.

वाचक रविवारी त्यांचं घर बघायला येतात. पुस्तकात पिवळी भिंत आहे, खिडकीत मोगऱ्याची कुंडी आहे, टेबलावर दोन न जुळणारे कप आहेत. घरात गेलं की सगळं तसंच. लोक हरखून जातात. मीही पुष्कळ वर्षं समजत होते की मेहुणे घर बघून लिहितात. प्रुफं वाचणारी बाई मी, पुस्तक बाहेर पडण्याच्या कितीतरी आधी मजकूर माझ्या हातात येतो. मग लक्षात यायला लागलं की आमच्याकडे फर्मा छापून होतो (एका दमात जेवढी पानं छापली जातात त्याला आम्ही फर्मा म्हणतो), तेव्हा भिंत पांढरीच असते. पिवळी होते ती नंतर.

एकदा प्रुफात वाचलं की धाकटीने बालवाडीची नोकरी सोडली आणि तिला कणीक मळण्यात शांती मिळाली. मी तिला विचारलं, "अगं, नोकरी सोडलीस? मला बोलली नाहीस."

म्हणाली, "अजून नाही. सोडणार आहे. यांनी लिहिलंय ना."

"ते लिहितील काहीही."

"नुसतं लिहिलं असतं तर गोष्ट वेगळी, ताई. आता छापलंय."

मला हसू आलं. नवऱ्याची लाडकी, दुसरं काय, असं म्हणून मी सोडून दिलं. त्या बालवाडीतली पोरं कितीतरी दिवस तिच्या दारात येऊन उभी राहायची.

कलम पाचवे. हे कलम कुणाला काही देत नाही, पण गाळू नये. मेहुण्यांकडे एक कुत्रा होता, धडधाकट, टपालवाल्यावर धावून जाणारा. पुढच्या पुस्तकात मेहुण्यांनी लिहिलं की कुत्रा गेल्यावर एकट्याने फिरायला जाण्यातही गोडी असते. पुस्तक दुकानात आलं तेव्हा कुत्रा नव्हता. धाकटी म्हणाली, एका ओळखीच्यांकडे दिला. कुठल्या ओळखीच्यांकडे, ते तिला आठवेना.

त्यानंतरच्या पुस्तकात त्यांनी आपल्या आईच्या रिकाम्या खुर्चीवर लिहिलं. आई म्हणजे धाकटीच्या सासूबाई. बाई खमकी, पत्त्यांत लबाडी करायची, छापखान्यात येऊन फुकट कॅलेंडर मागायची आणि एक दिलं की दोन उचलायची. मुलाचं एकही पुस्तक तिने वाचलं नव्हतं. "मी त्याला वाढवलाय, आता वाचू कशाला?" असं म्हणायची. मला ती आवडायची. प्रुफात तिचं जाणं वाचलं तेव्हा ती माझ्यासमोरच कॅलेंडर गुंडाळत होती. पुस्तकात ती झोपेतच जाते, उशाशी रेडिओ हळू आवाजात चालू असतो. प्रती दुकानात जायच्या आधी सासूबाई गेल्या. झोपेत. रेडिओ चालू होता. वाचक म्हणाले, काय अनुभवाचे बोल आहेत.

मला मेहुण्यांचा संशय आला. आडून आडून विचारलं तर माणूस लहान पोरासारखा रडला. म्हणाला, "ताई, मी नुसती कल्पना केली होती हो. मन घट्ट करायला लिहिलं होतं. मी लिहिलं म्हणून गेली का?" ते रडणं सभेतलं नव्हतं. तरी पुष्कळ दिवस मी त्याच्या हातचं पाणी पीत नव्हते.

मग एकदा धाकटी माझ्यापाशी बसून फर्म्यांच्या घड्या घालत होती. आमच्याकडे घड्यांचं काम पहिल्यापासून तीच करते, हाडाच्या पट्टीने अशी कडक घडी मारते की मशीन झक मारेल. मी सहज विचारल्यासारखं विचारलं, "सासूबाई गेल्या तेव्हा रेडिओ कुणी लावला होता गं?"

"मी."

"त्या गेल्यावर?"

"नाही, आधी. पुस्तकात आधी आहे."

तिने पुढचा कागद घेतला. चेहरा तोच, लहानपणी माझ्या मांडीवर असायचा तो. मी पुढे काही विचारलं नाही. जे मी विचारलं नाही ते मृत्युपत्रात लिहिणारही नाही. पण त्या दिवसापासून मेहुण्यांची लिखाणाची वही हातात आली की त्यात कुणी जातं का ते मी आधी बघते.

कलम सहावे. यंदाच्या पुस्तकाचं नाव 'एका कपाची सकाळ'. एकटे राहणारे वाचक पत्रं पाठवतात, आमच्यासाठीही काही लिहा, म्हणून मेहुण्यांनी लिहिलं. घरातली व्यक्ती गेल्यावर माणूस एका कपाचा चहा करायला शिकतो, आणि त्यातही त्याला हळूहळू गंमत, प्रेम, अर्थ सगळं परत सापडतं, असा विषय. मी तेव्हा डोळ्याच्या ऑपरेशनसाठी दवाखान्यात होते. खिळेमामांनी पहिले फर्मे जुळवले, छापले. अक्षरं शुद्ध होती.

डोळ्यावर हिरवी पट्टी लावून परत आले तर काउंटरवर घड्या घातलेली थप्पी तयार आणि शेजारी धाकटीची पिशवी. पिशवीत तिची उबदार शाल, तिच्या सुया-दोऱ्यांचा डबा, कानातले. "हे तुला राहू दे, ताई. तुझ्या खोलीत गारठा असतो."

त्या दिवसांत ती मेहुण्यांना चहा शिकवत होती. गॅस असा पेटवायचा, दुधावर नजर अशी ठेवायची, उतू गेलं तर आदळआपट करायची नाही. मेहुणे कौतुकाने सगळ्यांना सांगत होते की बायको आपल्याला स्वावलंबी करते आहे.

मी थप्पी उघडून वाचली. पहिल्या प्रकरणात मरण होतं, दुसऱ्यात शोक. गेलं कोण, हे मेहुण्यांनी तिसऱ्यासाठी राखून ठेवलं होतं, वाचकाचा जीव टांगणीला लागावा म्हणून. तिसरं अजून छापायचं होतं.

मी धाकटीला विचारलं, "कोण गेलंय यात?"

"मीच की. तिसऱ्यात कळतं. वहीत वाचलं मी."

"आणि कशी?"

"संध्याकाळचा चहा घेऊन, खिडकीपाशी, खुर्चीत. त्रास काही नाही, ताई. फार सुरेख लिहिलंय."

"तुला भीती नाही वाटत?"

तिने हातातली हाडाची पट्टी खाली ठेवली. "वाटते गं. खूप वाटते. पण छापलंय ना."

मी त्याच पावली मेहुण्यांकडे गेले. रेडिओचं सांगितलं, कुत्र्याचं सांगितलं, पिशवीचं सांगितलं. ते आधी हसले, मग गंभीर झाले, मग मला पाणी दिलं. "ताई, तुमचं नुकतंच ऑपरेशन झालंय. घर आमचं आपोआपच तसं होत जातं हो. मनात चांगलं असलं की होतं. ती काय वेडी आहे का?" तिसरं प्रकरण बदला म्हटलं तर म्हणाले, "काळजातून उतरलेली पानं आहेत, त्यांना हात लावता येत नाही." असा हा प्रेमाचा गाढा अभ्यासक, आणि घरात बायको आवराआवर करते आहे ते त्याला दिसेना. उजेड पडला बाहेर आणि दिव्याखाली अंधार.

धाकटीला डॉक्टरीणबाईंकडे नेलं. ती त्यांच्याशी तासभर गप्पा मारून आली. बाई मला म्हणाल्या, "इतकी समाधानी बाई मी आजवर पाहिली नाही." पोलिसांकडे जाऊन काय सांगणार होते? की आमच्याकडची पुस्तकं खरी होतात?

शेवटी मी म्हटलं, छापलेली थप्पी रद्दीत घालते. धाकटी शांतपणे म्हणाली, "रद्दीत घातलं म्हणून न छापल्यासारखं होतं का? तुझ्या पत्रिका तरी कुणी रद्दीत घातल्या?" त्या पत्रिका मीच इतकी वर्षं पलंगाखाली जपल्या आहेत.

कलम सातवे. म्हणून तिसऱ्या प्रकरणापासून पुढचं पुस्तक मी बदललं. लेखकाच्या मजकुराला मालकाने हात लावू नये हा आमच्या धंद्याचा पहिला नियम. तो मी मोडला आणि मोडताना मला जराही वाईट वाटलं नाही.

पहिली दोन प्रकरणं छापून धाकटीने वाचलेली होती. म्हणजे कुणीतरी जाणं आता टळत नव्हतं. कोण, एवढंच माझ्या हातात उरलं होतं. मेहुण्यांचं नाव मनात आलं नाही असं नाही. चांगलं दोनदा आलं. पण पुस्तकात गोष्ट सांगणारे तेच, मेलेला माणूस स्वतःच्या चहाचं वर्णन कसा करणार? शेजारणीचं आलं. तिला दोन पोरी आहेत. खिळेमामांना तर कळलंसुद्धा नसतं, आपल्याच हाताने जुळवलं असतं त्यांनी. पण दुसऱ्या कुणाचं मरण जुळवायचा मला काय अधिकार? पहिल्या प्रकरणात एक खुर्ची आहे, एक खिडकी आहे आणि संध्याकाळ आहे. माझ्याकडे तिन्ही आहेत.

तर आता तिसऱ्या प्रकरणात गेलेली व्यक्ती म्हणजे लेखकाच्या बायकोची थोरली बहीण. ती गेल्यावर बायको तिच्या छापखान्यात राहायला जाते, आणि लेखक घरी एका कपाचा चहा करायला शिकतो. मेहुण्यांची एकही सुंदर ओळ मी वाया घालवली नाही. सगळा एकटेपणा जिथल्या तिथे ठेवला, फक्त रविवारी दोन कप लागतात. बायको परत बालवाडीत जाते. पोरांबरोबर चिखलात खेळते. तिला आवडेल ते शिजवते, कंटाळा आला तर काहीच शिजवत नाही. घराला तिला हवा तो रंग देते आणि तो कुठला हे मी मुद्दाम लिहिलेलं नाही. शेवटच्या पानावर, ठळक टाइपात, असं छापलं आहे की ती खूप म्हातारी झाली, दात पडले, पत्त्यांत लबाडी करायला लागली आणि कुणाचं म्हणून ऐकेना.

प्रूफ तिला वाचायला दिलं. ती वाचत असताना मी शाईचे डाग पुसत बसले, जे पुसून जात नाहीत हे मला माहीत आहे.

"ताई, तू?" ती म्हणाली.

"मीच. का, मी नाही चालत?"

ती रडली. लहानपणी रडायची तशी, आवाज न करता. मग म्हणाली, "म्हणजे मी इथे राहायला यायचं?"

"तसं छापणार आहे."

"आणि म्हातारं व्हायचं."

"खूप."

डोळे पुसता पुसता ती हसली. "लबाडी मला जमणार नाही हं."

"शीक," मी म्हटलं. "छापलंय."

त्या रात्री तिने आपली शाल परत नेली. जन्मभर दुसऱ्यांचं लिखाण छापलं. माझं लिहिलेलं कुणाला आवडलं ते हे पहिल्यांदाच.

कलम आठवे. मेहुण्यांना मी त्यांच्या जुन्या सगळ्या पुस्तकांचे हक्क परत देते. यंदाच्या पुस्तकाचे देत नाही. ते छापखान्याकडे, म्हणजे धाकटीकडे राहतील आणि त्यातला एक शब्दही कुणी कधी बदलायचा नाही. मेहुण्यांना बांधलेली प्रत हातात पडल्यावरच हा बदल कळेल. ते आरडाओरडा करतील. करू दे. बायकोला जगवणाऱ्या पुस्तकावर त्यांचं नाव आहे, एवढं भाग्य त्यांच्या बाकीच्या पुस्तकांना नव्हतं.

त्यांनी यापुढे घरातल्या माणसांबद्दल लिहायचं तर होऊन गेलेलंच लिहावं. वकीलसाहेबांना मी या मृत्युपत्राचे व्यवस्थापक नेमते. मेहुण्यांची प्रत्येक वही छापायला जाण्याआधी त्यांनी वाचावी. त्यांना वाचनाची आवड नाही, त्याला माझा इलाज नाही.

गोदामातला सगळा कोरा कागद धाकटीचा. त्यावर पत्रिका छापा, पावत्या छापा, पण तिच्याबद्दल एक ओळही छापू नका. तिचं आता शेवटपर्यंत लिहून झालं आहे.

कलम नववे आणि शेवटचे. वकीलसाहेबांनी हे कलम गाळायला हात जोडून सांगितलं, म्हणून ते मी एकटीने, त्यांच्या माघारी लिहीत आहे.

पुस्तक बांधणीला गेल्यापासून धाकटी रोज संध्याकाळी येते. किटलीत चहा आणते, मला वरच्या खोलीत खिडकीपाशी खुर्चीत बसवते, पायांवर पांघरूण घालते. आम्ही बोलत बसतो. बाबांच्या तऱ्हा, सासूबाईंचे पत्ते, बालवाडीतल्या कुठल्या पोराने कुणाला चावा घेतला. कधी कधी हसता हसता मला ठसका लागतो. मेहुणे ज्या आनंदावर एवढी पुस्तकं लिहून बसले, तो मला या म्हातारपणी, या खुर्चीत मिळाला. मला मरायची हौस नाही हे मी इथे स्पष्ट नोंदवते. जगायला मिळालं तर मी जगेन आणि पुस्तक खोटं पडलं तरी मला चालेल. पण धाकटीला ते चालणार नाही, आणि दोघींतल्या एकीने जायचं तर कुणी जायचं हे मी ठरवलं आहे, तिने नाही.

काल तिने माझे पाय चेपले. म्हणाली, "ताई, तुला मुळीच त्रास होऊ देणार नाही मी."

मी म्हटलं, "माहीत आहे गं."

बाइंडर म्हणतो, प्रती शनिवारी मिळतील.

म्हणून मी पूर्ण शुद्धीत जाहीर करते की माझं मरण कधीही, कसंही आलं तरी ते माझ्या मर्जीने आलं असं समजावं. डॉक्टरीणबाईंनी आपला दाखला परत उघडून बघू नये. पंचनामा करू नये, कप धुऊन जागेवर ठेवावा. धाकटी मला जे देईल ते मी माझ्या खुशीने, शेवटच्या घोटापर्यंत पिणार आहे. त्यात काय होतं हे तिला कुणीही कधीही विचारू नये. मीसुद्धा विचारलेलं नाही.

लिहून देणार: ताई, छापखानेवाली. सही केली, खाडाखोड नाही.

साक्षीदार: कोपऱ्यावरच्या डॉक्टरीणबाई, आणि आम्हाला कागद पुरवणारे कागदवाले. दोघांनी मला सही करताना पाहिलं आणि माझ्यासमोर सह्या केल्या. मजकूर वाचलेला नाही. साक्षीदाराने तो वाचावा लागत नाही, हे मी वकीलसाहेबांना आधीच विचारून ठेवलं होतं.

ठिकाण: छापखान्यावरची खोली, मावळतीची खिडकी.

वार: शुक्रवार. वेळ: चहाची.